पिवळ्या चिठ्ठीपाशी सही

नॉरीन टलकच्या नावावर दोन कंपन्या बुडाल्या, आणि त्या कंपन्यांत नेमकं काय चालतं हे तिला साधारणच ठाऊक होतं. फरशा बसवण्याचा धंदा तिच्या नवऱ्याचा, क्लाइव्हचा. तो पूर्वी एकदा दिवाळखोर ठरलेला, त्यामुळे त्याला संचालक होता येत नव्हतं. म्हणून संचालक नॉरीन. तो कागद आणायचा आणि सही हवी तिथे पिवळी चिठ्ठी चिकटवलेली असायची. बटाटे सोलता सोलता ती हात पुसून सही करायची. सहा वर्षांत दोन्ही कंपन्या गेल्या आणि तेरा कारागीर घरी बसले. त्यांतला एक माझा मेहुणा डग. तेव्हा मी काही निःपक्षपाती नाही, हे आधीच सांगून टाकतो.

कंपन्यांवर देखरेख ठेवणाऱ्या सरकारी कचेरीने तिला म्हणणं मांडायला बोलावलं.

"चिठ्ठी असेल तिथे मी सही केली," ती म्हणाली.

"वाचलं नाहीत?"

"नाही."

"नाव मात्र तुमचंच आहे," अधिकारी म्हणाला.

तीन वर्षं कुठल्याही कंपनीचं संचालक व्हायचं नाही, कारभारातही भाग घ्यायचा नाही, असा हुकूम झाला. मोडला तर तुरुंग. क्लाइव्ह तोवर क्वीन्सलंडला एका बाईकडे राहायला गेला होता.

नवऱ्याचं तिला फारसं वाटलं नाही. वाटलं ते आमच्या बोल्स क्लबचं. बोल्स म्हणजे हिरवळीवर गोळे घरंगळवायचा खेळ. मुराबूल गावातला आमचा क्लब म्हणजे दोन हिरवळी, एक बार आणि साठेक म्हातारे. पण कायद्याच्या लेखी तोही कंपनीच. अकरा वर्षं नॉरीन त्याच्या संचालक मंडळात होती. सामन्यांच्या जोड्या, शुक्रवारची, बक्षीस म्हणून मटण द्यायची सोडत, छपराची गळती, सगळं तीच बघायची. खुर्ची सोडून ती स्वयंपाकघरात सँडविच करायला गेली. जाताना एवढंच विचारलं, "तीन वर्षांनी परत घ्याल ना रे?"

"घेणार म्हणजे!" अध्यक्ष मर्व्ह म्हणाला. "नाहीतर आम्हाला कोण सांभाळणार?"

डगही त्या मंडळात होता. कंपनी बुडाल्यापासून तो तिच्या हातचं सँडविचही खात नसे.

स्वयंपाकघर आणि बैठकीची खोली यांच्यामध्ये खाणं सरकवायला एक खिडकी आहे. पहिल्याच बैठकीत मर्व्ह तिथून ओरडला, "अगं नॉरीन, दुसरी हिरवळ बंद करायची का गं? पाणी पुरत नाहीये."

नॉरीनने ताट पुढे सरकवलं आणि लाकडी झडप खाली ओढली.

"अगं, नुसतं विचारलं!"

"म्हणूनच लावून घेतली," आतून आवाज आला. "काकडीची डावीकडे, अंड्याची उजवीकडे. मी एवढंच ठरवते."

तीन वर्षं दर बैठकीला ती झडप खाली आली. आत तिला सगळं ऐकू जायचं. मंडळाने दुसरी हिरवळ बंद केली, भलत्याच माणसाकडून छप्पर दुरुस्त करून घेतलं, आणि ते महिन्याभरात पुन्हा गळायला लागलं. त्या दिवशी मी बारमधून आत गेलो तर ती पावाला लोणी फासत रडत होती.

"तो छपरवाला कसा आहे, मला माहीत होतं रे."

"मग बोलायचंस की!"

"आणि खुर्ची कायमची घालवू?"

इतकी वर्षं माझा तिच्यावर राग होता, तो त्या दिवशी बराच उतरला. सगळा नाही.

मुदत संपल्यावरच्या मंगळवारी मर्व्हने स्वतः झडप वर केली. पुन्हा संचालक व्हायच्या संमतीचा अर्ज आणि क्लबची नियमावली तिच्यापुढे सरकवली. तिला शोधाशोध नको म्हणून सहीच्या जागी पिवळी चिठ्ठी लावली होती. बिचाऱ्याच्या मनात काहीच नव्हतं.

नॉरीन चिठ्ठीकडे बघत राहिली. मग ती उपटून तिने फ्रिजवर चिकटवली, चष्मा लावला, स्टूल ओढलं आणि पहिलं पान उघडलं.

"अगं, सहीच तर करायचीये. चहा गार होतोय."

"होऊ दे."

"चाळीस पानं आहेत ती!"

"मग चहा पुन्हा करा. किटली कुठे असते माहीत आहे ना?"

कुणी हललं नाही. मग डग उठला आणि किटली भरायला आत गेला.