चेअरमनबाईंचा बंदोबस्त

आमच्या चेअरमनबाईंइतकं उघडपणे घाबरणारं माणूस मी दुसरं पाहिलं नाही. लोक भीती लपवतात, बाई ती आधीच सांगून मोकळ्या होत. "भाऊ, लई भ्या वाटायलंय," असं म्हणायच्या आणि पदर खोचून कामाला लागायच्या. पाटोद्याजवळच्या आमच्या गावात बायकांची दूध संस्था होती. बाई तिच्या चेअरमन, मी सेक्रेटरी. सभेत त्या नेहमी दाराजवळची जागा धरायच्या. कुणी चेष्टा केलीच तर म्हणायच्या, "भ्यालेलं माणूस बघून पाय टाकतंय."

दुष्काळात संस्थेला चारा डेपो मंजूर झाला. शेड बांधली नाही तर चारा दुसऱ्या गावाला जाणार होता. ग्रामपंचायतीनं गायरानातला तुकडा दिला खरा, पण तो बाईंचे चुलत दीर अण्णा कित्येक वर्षं नांगरत आले होते. आम्ही पायाच्या आखणीसाठी चुन्याची फक्की टाकली. अण्णांनी ती पायानं पुसली आणि आवाज न चढवता म्हणाले, "वहिनी, पाया खांदायचाच आसंल तर माणसाच्या मापाचा खांदा."

बंदोबस्तासाठी आम्ही ठाण्यात खेटे घातले. साहेब कधी मोजणीचा नकाशा मागत, कधी सभेचा ठराव. "साहेब, मला मारून टाकतेत," हे बाई त्यांना दर वेळी दुधाचा भाव सांगावा तसं सांगत. शेवटी दोन पोलीस मिळाले आणि आम्ही हुरळून गेलो.

त्या आनंदात गावची रीत विसरलो. आलेल्या पोलिसांचं चहा-जेवण पोलीस पाटलाच्या घरी, आणि पोलीस पाटील तर अण्णांचा सख्खा मेहुणा! दुपारी पाहतो तर आमचा बंदोबस्त पाटलाच्या ओसरीवर जेवत होता, वाढायला अण्णा. मजुरांनी कुदळी खाली टाकल्या.

बाईंच्या ओठांना कोरड पडली होती. "ज्याची भाकर खाल्ली त्याच्यावर काठी कोन उगारतंय?" एवढंच म्हणाल्या आणि घरोघर निरोप धाडला. दुसऱ्या दिवशी गायरानातच तीन दगडांची चूल पेटली. सभासद बायकांनी टँकरच्या पाण्यातला एकेक तांब्या आणला, पिठलं शिजलं. पोलीस मुकाट्यानं आमच्या पंगतीला बसले. बाईंनी थापलेली भाकरी तव्यावर जाईपर्यंत मोडायची.

अण्णा माणसं घेऊन आले, पंगतीसमोर उभे राहिले. "भावजी, बसा जेवायला," बाई म्हणाल्या. अण्णांनी पोलिसांच्या ताटांकडे पाहिलं. "पोलीस काय जल्माचे ऱ्हानारेत का, वहिनी?" म्हणाले आणि गेले. ते खोटं बोलत नव्हते.

शेड झाली. पत्रे चढले, बंदोबस्त उठला, चाऱ्याचे ट्रक आले. त्याच आठवड्यात भर दुपारी ओढ्याच्या वाटेनं एकट्या येणाऱ्या बाईंना कुणीतरी काठ्यांनी मारलं. हात मोडला, डोक्याला टाके पडले.

दवाखान्यात जबाब घ्यायला पंगतीला जेवलेल्यांपैकीच एक पोलीस आला. बाई म्हणाल्या, "अंधार व्हता साहेब. तोंड दिसलं न्हाई." त्यानं माझ्याकडे पाहिलं, जबाब लिहून घेतला आणि निघून गेला.

मला संताप आवरेना. "बाई, कावून?"

"नाव घेतलं की केस व्हती. केस झाली की शेडला टाळं लागतंय. मंग जनावरांनी काय खावं?"

दवाखान्यातून त्या परस्पर गेवराईला लेकीकडे गेल्या. गावात पुन्हा आल्या नाहीत. त्या उन्हाळ्यात अख्ख्या गावाची जनावरं त्या शेडमधल्या चाऱ्यावर तगली. अण्णांची बैलजोडीही तगली. त्यांच्या पेंढ्या मीच काढून द्यायचो, आणि मान वर करून त्यांच्याकडे बघायची माझी एकदाही हिंमत झाली नाही.