गाऱ्हाण्यात फुटलेला खुनी

मी गेली पंधरा वर्षं खून करून पोट भरतो, आणि आमच्या आईला ती अजून नोकरी वाटत नाही.

खून अर्थात कागदावर. दूरचित्रवाणीच्या रहस्यमालिका लिहिणं हा माझा धंदा. विष, सुरी, उशी, गॅसची नळी, सगळं वापरून झालंय. एकदा तर उकडीचा मोदकही वापरला (त्या वर्षी चवथीला आमच्या घरी आलेल्या पाहुण्यांनी फक्त चहा घेतला!). मुंबईत होतो तोवर गावात जरा मान होता. पण गोव्यात डिचोली तालुक्यातल्या आमच्या घरी परत येऊन, जनेलाजवळ, म्हणजे खिडकीशी, मेज मांडून लिहायला लागलो आणि गावाच्या लेखी मी बेकार झालो. धडधाकट माणूस दिवसभर घरात बसतो म्हणजे तो आजारी तरी असणार, नाहीतर आळशी तरी. आजारी वाटावं इतका मी बारीक नाही.

"सतीश हल्ली काय करता गे?" असं कोणी विचारलं की आई सांगायची, "बसलेलो असा."

अशात माझं नशीब घोड्यावरून आलं. मुंबईच्या एका वाहिनीसाठी मालिका करणाऱ्या जोगळेकर बाईंना अमेरिकन धर्तीची घोडेस्वारांची मालिका हवी होती. लाल माती, बंदुका, तोंडाला रुमाल बांधलेला स्वार, आणि शेवटपर्यंत न कळणारा खुनी. "पण सगळं आपल्याकडचं वाटलं पाहिजे," त्या म्हणाल्या. मी त्यांना आमच्या गावामागची बंद पडलेली खाण दाखवली. लाल कडे, तळाशी हिरवं पाणी, वर घिरट्या घालणाऱ्या घारी. बाई कड्याच्या टोकापर्यंत जाऊन खाली वाकून पाहून आल्या.

"हे तुमच्या घरामागे आहे," त्या शेवटी म्हणाल्या, "आणि तुम्ही पंधरा वर्षं अंधेरीच्या फ्लॅटमध्ये माणसं मारत होतात?"

कथा मी झटक्यात रचली. खाण बंद पडलेलं गाव. रुमालवाला स्वार येतो आणि एकेका ट्रकमालकाला गोळी घालून जातो. गावातला तरुण फौजदार त्याच्या मागावर. आठव्या भागात स्वाराचा रुमाल सुटतो आणि समोर कोण, तर फौजदाराची स्वतःची म्हातारी आई! हे सुचलं तेव्हा खोलीत मी एकटाच होतो, तरी टाळ्या वाजल्या.

वाहिनीने सात पानी करार पाठवला. खुन्याचं नाव प्रसारणाआधी फुटलं, तर करार रद्द. कोणालाही सांगायचं नाही, 'जवळचे नातेवाईक धरून'. मी डोळे मिटून सही केली, कारण या मालिकेवर लेखक म्हणून माझं एकट्याचं नाव येणार होतं. आजवर ते अकरा जणांच्या घोळक्यात यायचं, आणि आई चष्मा शोधेपर्यंत पळून जायचं. हे हातचं घालवायचं नव्हतं.

आईने सहा दिवस चौकशी केली.

"कोण रे तो मारतलो?"

"सांगता येत नाही."

"आवशीक पण?"

"आवशीक तर मुळीच नाही."

सातव्या दिवशी तिने विचारलंच नाही. माझ्या ताटात तळलेल्या इसवणाची, म्हणजे सुरमईची, एक तुकडी वाढली, दुसरी तव्यावर ठेवली, आणि उलथणं हातात धरून ती नुसती उभी राहिली. माझी पात्रं पोलिसांचा मार खाऊन तीन-तीन भाग तोंड उघडत नाहीत. मी पहिली तुकडी संपेपर्यंत टिकलो.

"फौजदाराची आई," मी म्हणालो.

आईने दुसरी तुकडी उचलली आणि मांजराला घातली.

"म्हंजे मी," ती म्हणाली.

"तू कशी? अगं, गोष्ट आहे ती."

"ती म्हातारी एकटी ऱ्हवता?"

"हो."

"गुडघो दुखता तिचो?"

"थोडा."

"म्हायार खंयचा तिचा?"

"पेडणे," मी कबूल केलं. (लेखकाने जवळचं सामान वापरावं, असं मला शिकवलेलं आहे. सामान घरात हिंडत असतं, हे शिकवलेलं नाही.)

"लोक काय म्हणतले? भागीरथी घोड्यार बसान माणसां मारता? झिलान आवशीचा बरां नाव काडल्यान." मुलाने आईचं असं नाव काढल्याबद्दल तिने दोन दिवस मला नुसती पेज वाढली. तिसऱ्या दिवशी तिने आपणहून हुमण, म्हणजे माशांची आमटी, वाढलं आणि मला वाटलं, प्रकरण मिटलं. रहस्यकथा लिहिणाऱ्याला इतकी साधी गोष्ट संशयास्पद वाटू नये!

आता परवानगीचा प्रश्न आला. खाणीकडे जाणारी वाट देवस्थानाच्या जमिनीतून जाते, आणि आमच्या गावात विहीर खणायची असो की लग्न ठरवायचं असो, देवाला विचारल्याशिवाय काही होत नाही. आपा गुरव देवासमोर गाऱ्हाणं घालतात, म्हणजे काय करायचंय ते मोठ्याने सांगतात. जमलेले लोक प्रत्येक वाक्याला 'व्हय म्हाराजा' म्हणतात. मग पिटकोळीच्या ओल्या कळ्या देवाच्या अंगावर दोन्ही बाजूंना चिकटवून कौल लावतात. उजवी कळी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. आजवर कुठल्याही सरकारी खात्याने इतक्या लवकर उत्तर दिलेलं मला माहीत नाही.

चित्रीकरण सोमवारी सुरू व्हायचं होतं. सहा घोडे कोल्हापूरहून येऊन शाळेच्या मैदानात बांधलेले होते आणि त्यांनी शेजारच्या मळ्यातली तांबडी भाजी मुळासकट संपवली होती. रविवारी सकाळी गाऱ्हाणं ठरलं. गावाच्या परंपरा दाखवाव्यात म्हणून मी जोगळेकर बाईंनाही बोलावलं. ध्वनिक्षेपक लावण्याची कल्पनाही माझीच. (हे मी प्रामाणिकपणे नोंदवून ठेवतो, कारण नाहीतर आई नोंदवेल.)

देवळात पोचलो तेव्हा आई आपांशी बोलत होती. तिच्या हातात नारळ होता. माझ्या यशासाठी मागणं सांगते आहे बिचारी, असं वाटून मला भरून आलं.

आपांनी डोळे मिटले. "बा देवा म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा."

"ह्यो तुजो लेकरू सतीश, जो घरात बसान असा..."

"व्हय म्हाराजा!" (गाव इतक्या एकदिलाने कधी ओरडलं नव्हतं.)

"तेणी घोड्यांचा नाटक मांडल्यान हा..."

"व्हय म्हाराजा."

"त्या नाटकात जो कोण तोंडाक रुमाल बांधून माणसां मारता..."

मी उडी मारून घंटा धरली आणि वाजवत सुटलो. लोकांना आधी भक्ती वाटली. मग जरा जास्त भक्ती वाटली. आपा डोळे मिटून शांत उभे. माझा खांदा भरून आला, हात गळला, आणि घंटा थांबली.

"झाला?" आपांनी विचारलं. "आता गाराणां मोडला. परत पयल्यापासून घालूक होया. आणि तो आवाज जरा वाडवा रे."

पहिल्यापासून झालं. मी घरात बसून असल्याचं गावाने दुसऱ्यांदा मान्य केलं. मी आपांच्या कानाशी लागलो, "आपा, ते नका सांगू. ते गुपित आहे."

"देवाक अर्दां सांगून कौल लावतत रे?" असं मला सुनावून आपांनी आवाज चढवला. "तर म्हाराजा, तो मारणारो म्हंजे फौजदाराची आवस! पण ती आवस म्हंजे आमची भागीरथी न्हय, म्हाराजा! भागीरथीन आजपर्यंत कोणाक मारूक नाय. ह्या तू ध्यानात घी, आणि गावाकय कळू दी!"

'व्हय म्हाराजा' आलंच नाही. दोनशे माणसांनी आधी आईकडे पाहिलं, मग माझ्याकडे. आई डोक्यावरचा पदर सावरून समाधानाने उभी होती. तिचं काम झालं होतं.

"हे काय होतं?" जोगळेकर बाई हळूच म्हणाल्या.

"प्रार्थना."

"प्रार्थना? अहो, माझा खुनी ध्वनिक्षेपकावरून सांगितला त्यांनी!"

तेवढ्यात आपांनी लावलेल्या कळ्यांतली एक पडली. डावी.

म्हणजे पाच मिनिटांत गुपितही गेलं आणि परवानगीही. मी देवळाच्या पायरीवर बसलो. खोटं कशाला सांगू, रडू येत होतं. चार वेळा घासलेली कथा, एकट्याचं नाव, सगळं गेलं, आणि घालवलं ते माझ्या स्वतःच्या आईने, माझ्याच ध्वनिक्षेपकावरून. बाईंनी वाहिनीला कळवण्यासाठी फोन बाहेर काढला.

"देव बरोबर सांगता," मागून नानू गावकर बोलले. नानू म्हणजे देवस्थानाचे प्रमुख, गावात त्यांचा शब्द चालतो. "म्हातारी घोड्यार चडतली कशी? माजी आवस रिक्षेत चडाक दोगांक हाक मारता."

"आणि ती रात-दीस माणसां मारीत फिरता, तर फौजदाराक जेवाण कोण वाडता?" एका बाईने विचारलं.

"जेवाण चुकला तर झील पयल्याच दिसा वळाकतलो," दुसरी म्हणाली.

जोगळेकर बाईंनी फोन कानापासून खाली घेतला. "हा प्रश्न तुम्हाला का नाही पडला?" त्यांनी मला विचारलं. चार खर्डे, आठ भाग, आणि फौजदार जेवतो कुठे हे मला खरंच माहीत नव्हतं.

"मगे मारणारो कोण?" आपांनी रीतसर विचारलं, कारण देवाला दुसऱ्यांदा विचारायचं तर मजकूर बदलावा लागतो. गावाने तोंडाला येईल ते सुचवलं. कोणी सरपंच म्हणाला, पण सरपंच गर्दीतच उभे असल्यामुळे ते नाव मागे घेण्यात आलं. मग आई पुढे झाली आणि तिने ध्वनिक्षेपक आपांच्या हातातून घेतला.

"त्या गोष्टीत खाणीच्या कचेरीतलो एक कारकून असा," ती म्हणाली. (मी खुनी सांगितल्यापासून मेज पुसता पुसता तिने आठही भाग वाचून काढले होते!) "दिसभर खुर्चेर बसान असता. लोकांची पत्रां लिवता. सगळो गाव म्हणता, ह्यो काय एक करणा नाय. तेच्यार कोणाचो संशय जातलो?"

दोनशे डोकी सावकाश माझ्याकडे वळली.

"व्हय म्हाराजा!" देऊळ दणाणलं.

आपांनी कळ्या लावल्या. त्यांचा हात बाजूला होण्याआधीच उजवी कळी टपकन पडली. इतक्या घाईने देवाने कौल दिल्याचं जुन्या माणसांनाही आठवत नव्हतं.

बाई भराभर लिहून घेत होत्या. "पत्रं तोच लिहितो, म्हणजे कोण कधी कुठल्या वाटेने जाणार हे फक्त त्याला ठाऊक! काकू, कमाल केलीत तुम्ही."

"मलाही साधारण असंच काहीसं सुचत होतं," मी म्हणालो.

"खोटां बोला नको," आई म्हणाली. "देवळात असंस."

वाहिनीची समजूत बाईंनी घातली. जुना खुनी फुटला ते बरंच झालं, म्हणाल्या, आता तोच सगळीकडे पसरू दे. नव्या खुन्यासाठी मात्र गुप्ततेचे दोनशे कागद आले आणि अख्ख्या गावाने सह्या केल्या. 'देवाचो कागद खंय असा?' एवढीच शंका आपांनी काढली. आणि खरं सांगतो, प्रसारण होईपर्यंत गावातल्या एकानेही तोंड उघडलं नाही. मांद्र्याला दिलेल्या माझ्या बहिणीने माशांची टोपली पाठवून पाहिली, तरी आई बधली नाही. मासे तेवढे तिने ठेवून घेतले.

मालिका चालली. शेवटचा भाग सगळ्या गावाने देवळाच्या मंडपात बसून पाहिला, आणि माझं नाव आलं तेव्हा आईने चष्मा आधीच लावलेला होता. हल्ली कोणी विचारलं तर ती सांगते, "बसलेलो असा, पण बसान लिवता बरां." मला एवढं पुष्कळ आहे.

गेल्या महिन्यात पुढच्या आठ भागांची कथा मी जोगळेकर बाईंना पाठवली. तासाभरात त्यांचा फोन. "वाचते मी. पण कौल घेतलात का?"

गेलो मुकाट्याने. या वेळी ध्वनिक्षेपक नाही, गर्दी नाही. आपांनी माझ्या तोंडून सगळी कथा ऐकली, देवाला पहिल्या भागापासून शेवटपर्यंत सांगितली आणि कळ्या लावल्या. पाव तास झाला, अर्धा तास झाला, तास झाला. ना उजवी पडली, ना डावी.

"आपा, हा होकार समजायचा की नकार?"

आपांनी वाकून देवाच्या तोंडाकडे नीट पाहिलं, मग मला बाहेर नेऊन हळू आवाजात म्हणाले, "तिसऱ्या भागापर्यंत आयकी होतो तो. मगे तेका नीज इली असतली."