न चाखलेलं सूप

सुखदा बिवलकरने अकरा महिने व्हेल दाखवणाऱ्या बोटीवर नोकरी केली आणि त्या अकरा महिन्यांत तिने एकही व्हेल पाहिला नाही. हे सांगितलं की लोकांना वाटतं, मी तिखटमीठ लावतेय. तशी मला सवय आहे, कबूल. पण हे शब्दशः खरं आहे. बोटीवरचे चाळीस प्रवासी "तो बघा, तो बघा" करत वर डेकवर धावायचे तेव्हा सुखदा खाली असायची. हातभर रुंद स्वयंपाकघर, एका हातात कठडा, दुसऱ्या हाताने धरलेलं सूपचं पातेलं. तिथे एक गोल खिडकी होती, तीही तिच्या डोक्याच्या वर.

ही २००९ सालची गोष्ट. तेव्हा मेलबर्नमध्ये आमच्यासारख्या विद्यार्थ्यांचं नुसतं पीक आलं होतं. ग्लेन वेव्हर्लीच्या एका छोट्या फ्लॅटमध्ये आम्ही चौघी राहायचो. मी नीरजा, पुण्याची, स्टॅटिस्टिक्समध्ये एमएस्सी करून इथे केस कापायला शिकत होते. सुखदा वाईची, बीकॉम होऊन कुकरी शिकत होती. हसू नका. त्या काळात केस कापणारे आणि स्वयंपाक करणारे या देशाला हवे होते, त्यांना पीआर, म्हणजे कायम राहायचा परवाना, मिळत होता, म्हणून ज्याने त्याने हातात कात्री नाहीतर झारा घेतला होता.

अट अशी, की कोर्स संपवायचा आणि त्याच कामाचा नऊशे तासांचा अनुभव दाखवायचा. आता मेलबर्नमध्ये स्वयंपाकघरांपेक्षा कुकरीचे विद्यार्थीच जास्त झालेले. सुखदाने चार महिने रेस्टॉरंटांचे उंबरे झिजवले. शेवटी तिला टास्मानियातली एक जाहिरात सापडली: 'बोटीवर स्वयंपाकी पाहिजे.' आधीचे तिघे उलट्या करून पळून गेले होते. सुखदाला बोट लागत नव्हती. एवढ्या एका गुणावर तिची निवड झाली.

बोटीचं नाव पेट्रेल. तिचा मालक आणि कप्तान कॉलिन नावाचा साठीचा, लाल नाकाचा, भला माणूस. त्याने माहितीपत्रकावर 'ऑस्ट्रेलियाचा आपला फियॉर्ड' असं ठोकून दिलं होतं. नॉर्वेच्या लोकांनी वाचलं असतं तर खटला भरला असता. खरं म्हणजे ती एक अरुंद, खोल खाडी होती. दोन्ही बाजूंना सरळसोट कडे आणि मधे कोऱ्या चहासारखं काळपट पाणी. बोट आधी उघड्या समुद्रातून सील प्राण्यांच्या खडकापर्यंत जायची, तिथे सगळ्यांची आतडी घुसळून निघायची, आणि मग त्या खाडीत शिरली की पाणी एकदम शांत व्हायचं. तिथे जेवण. सुखदाचं भोपळ्याचं सूप, स्कोन नावाचे छोटे पाव, फिश पाय. लोक व्हेलपेक्षा सूपची आठवण जास्त काढतात, असं कॉलिनच म्हणायचा.

आता तिची खोड सांगायला हवी, कारण सगळं त्या खोडीवर अडलं होतं. सुखदा स्वयंपाक चाखायची नाही. तिची आई रेखाकाकू वाईच्या गणपतीच्या एका खासगी देवळात रोजचा नैवेद्य करायची, आणि नैवेद्य देवाआधी कुणी चाखत नाही. मीठ मुठीच्या अंदाजाने, उकळी आवाजावरून, बाकी सगळं वासावरून. सुखदा वयाच्या आठव्या वर्षापासून आईच्या हाताखाली तेच शिकली. काकूंचा हात कधी चुकला नाही, निदान सुखदा तरी शपथेवर तसंच सांगायची. इकडे कुकरीच्या कॉलेजात पहिला धडाच चाखायचा! मास्तर रोज ओरडायचे, "टेस्ट, टेस्ट, टेस्ट!" पालथ्या घड्यावर पाणी. फिश पायच्या वेळी 'मी शाकाहारी आहे' म्हणून सुटका व्हायची. पण भोपळा काही पोहत नाही. मी एकदा चिडून विचारलं, तर म्हणाली, "अगं, चाखलं की माझा अंदाजच जातो. मग मी घालत बसते, हे थोडं, ते थोडं, आणि सगळं बिघडतं." प्रयत्न करून पाहिला होता म्हणे. मी तिचा तो बिघडलेला रस्सा खाल्लाय, म्हणून विश्वास ठेवला.

तिचे नऊशे तास भरले, कॉलिनने पत्र दिलं, कागद अनुभव तपासणाऱ्या कार्यालयाकडे गेले. आणि उत्तर आलं, की बोटीवरचं स्वयंपाकघर धरायचं की नाही हे ठरवायला आमचा माणूस प्रत्यक्ष येऊन काम बघेल. सुखदाचा व्हिसा तीन आठवड्यांत संपत होता. या माणसाने सही केली तर पीआरचा अर्ज, नाही केली तर दोन वर्षांचं शिक्षण आणि अकरा महिन्यांची नोकरी सगळं पाण्यात आणि सुखदा परत वाईला. मला तिच्या परत जाण्यापेक्षा रेखाकाकूंची काळजी वाटत होती. देवळातल्या चुलीच्या धुराने काकूंचा दमा वाढला होता, आणि त्यांना त्या चुलीपुढून उठवून आपल्याकडे आणायचं, एवढ्या एका हट्टापायी ही मुलगी इथे आली होती. मी सलूनमधून दोन दिवस सुट्टी घेतली आणि विमान पकडलं.

सकाळी धक्क्यावर तपासनीस आले. ग्रॅहम नावाचे, पन्नाशीचे, इस्त्रीचा शर्ट, हातात क्लिपबोर्ड. मी लांबून त्या फॉर्मवर नजर टाकली. दुसऱ्याचे कागद वाचू नयेत हे मला माहीत आहे. सहाव्या ओळीत लिहिलं होतं, 'पदार्थ चाखून चव योग्य करते.' मी सुखदाला स्वयंपाकघरात गाठलं.

"हे बघ, नुसता चमचा ओठाला लाव. थेंबभर. आत गेलं की नाही कोण बघतंय?"

"तो बघायलाच आलाय ना?"

"म्हणून तर सांगतेय!"

"नीरजा, माझं काम बघायला आलाय तो. त्याच्यासमोर नाटक करू? त्यापेक्षा फेल झालेलं परवडलं."

"तुला परवडतंय गं. वाईला जा आणि बस परवडून घेत." मी रागाने म्हणाले आणि लगेच मलाच रडू यायला लागलं. ती भोपळा चिरत होती. तिचे हात थरथरत होते, हे मी पहिल्यांदाच पाहिलं.

बोट निघाली. अर्ध्या तासात समुद्राने आपले गुण दाखवले. मी एका बाकावर आडवी झाले, पण कान आणि अर्धा डोळा स्वयंपाकघराच्या दाराकडे. ग्रॅहम दारातल्या स्टुलावर बसले होते आणि त्यांचा रंग शर्टासारखा पांढरा होत चालला होता. सुखदा मात्र बोटीबरोबर डुलत होती. बोट डावीकडे कलली की ती उजवा पाय रोवायची, पातेल्याचा कान धरायची, सुरी आपोआप खाचेत जायची. ओव्हनमधून स्कोनचे ट्रे निघाले, एकही सांडला नाही. ग्रॅहमनी पाच ओळींवर खुणा केल्या. मग क्लिपबोर्ड खाली ठेवून ते घाईने डेकवर गेले, ते बराच वेळ आलेच नाहीत.

"आता!" मी बाकावरून कुजबुजले. "आता चाख, मग तो आला की सांग चाखलंय. खोटंही होणार नाही!"

सुखदाने माझ्याकडे असं पाहिलं की मी पुन्हा आडवी झाले.

खाडीत शिरल्यावर पाणी थांबल्यासारखं झालं. इंजिनाचा आवाज कड्यांवर आपटून परत यायला लागला. ग्रॅहम भिंतीला धरत धरत आत आले. सुखदाने वाडगे मांडले होते. त्यांनी पेन काढलं आणि विचारलं, "तू हे चाखलंस का?"

"नाही."

"शेवटच्या मिनिटाला चाखणार आहेस?"

"नाही. मी कधीच चाखत नाही." मग तिने तिच्या साध्यासुध्या इंग्रजीत सगळं सांगितलं. आई, देऊळ, नैवेद्य. ती म्हणाली, "आमच्याकडे पहिला घास करणाऱ्याचा नसतो. ज्याच्यासाठी केलंय त्याचा असतो."

मी डोळे मिटले. गेलं सगळं, म्हटलं.

"मग चव बरोबर आहे हे कळतं कसं? कोण चाखतं?"

"मी!" कॉलिन वरून जिन्यात वाकून ओरडला. "अकरा महिने, रोज पहिला वाडगा माझा. अजून एकदाही तक्रार केलेली नाही, मेट. मला बायकोच्या जेवणाबद्दल असं म्हणता येत नाही."

ग्रॅहम हसले नाहीत. सुखदाने पहिला वाडगा भरला, आणि रोजच्यासारखा वर न पाठवता त्यांच्यापुढे ठेवला. "आज पहिले तुम्ही," ती म्हणाली.

त्या माणसाच्या पोटात सकाळपासून काही राहिलं नव्हतं. त्यांनी वाडग्याकडे शत्रूकडे बघावं तसं पाहिलं. मग एक चमचा. थांबले. दुसरा चमचा. आम्ही तिघं श्वास रोखून त्यांच्या गळ्याकडे बघत होतो, वर जातंय की खाली. खाली गेलं. हळूहळू गालांवर रंग आला. त्यांनी वाडगा रिकामा केला आणि पुढे केला. सुखदाने पुन्हा भरला. तोही संपला.

"अगदी हलकं आहे," ते म्हणाले. "आलं घातलंयस ना? आज पोटात राहिलेली ही पहिली गोष्ट." मग त्यांनी सहाव्या ओळीवर पेन टेकवलं आणि बराच वेळ विचार केला. शेवटी खूण केली आणि पुढे काहीतरी लिहिलं. मी अर्थातच वाचलं. 'चव पाहण्याची व्यवस्था आहे. मी स्वतः पाहिली.' खाली सही.

घोडं गंगेत न्हालं. माझा जीव भांड्यात पडला. मी तिथेच जमिनीवर बसले आणि मोठ्याने रडले. सुखदा रडली नाही. ती ओटा पुसायला लागली. पुसलेलाच ओटा पुन्हा पुसत होती.

तेवढ्यात वरून आरडाओरड झाली. कॉलिनने इंजिन बंद केलं, बोट नुसती तरंगायला लागली, आणि तो धडधड जिना उतरून खाली आला. त्याने सुखदाच्या हातातून पळी काढून घेतली.

"वर जा, शेफ."

"अजून अडतीस जणांना वाढायचंय."

"मला वाढता येतं. जा म्हणतो ना! आणि तुझं सूप घेऊन जा."

तिच्या हातात वाडगा देऊन त्याने तिला अक्षरशः जिन्याकडे ढकललं. मी मागोमाग गेले. बाहेर ऊन पडलं होतं. दूर, तीनशे मीटरवर, काळ्या पाण्यात काहीतरी आणखी काळं वर आलं. आधी मला खडक वाटला. मग त्या खडकाने श्वास सोडला. पाण्याचा फवारा उडाला, आवाज थोड्या वेळाने आमच्यापर्यंत पोचला. आणि त्या मोठ्या पाठीला घासून एक छोटी पाठ वर आली. आई आणि पिल्लू. कुठे जायची घाई नव्हती त्यांना. आई पडून होती आणि पिल्लू तिच्या अंगावरून घसरत होतं, परत चढत होतं.

सुखदा कठड्याला धरून उभी राहिली. अकरा महिने ज्याच्यासाठी उठलेला गलका तिने नुसता पातेल्यापाशी ऐकला होता, ते तिला आता दिसत होतं. तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते पुसायचं तिला सुचत नव्हतं. "केवढी गं आहे," एवढंच ती म्हणाली, दोनदा. मी तिचा हात घट्ट धरला. मला इतकं हलकं वाटत होतं की समुद्राबद्दलचा सगळा राग मी तिथल्या तिथे मागे घेतला.

बऱ्याच वेळाने व्हेल खाली गेली. सुखदाला हातातल्या वाडग्याची आठवण झाली. तिने एक घोट घेतला, आणि तिचा चेहरा बदलला.

"नीरजा."

"काय?"

"ह्यात मीठच नाहीये."

मी वाडगा ओढून घेतला. खरंच नव्हतं. चिमूटभरही नव्हतं. सकाळच्या धांदलीत, त्या थरथरत्या हातांनी, मुठीच्या अंदाजाने मीठ घालायचंच राहून गेलं होतं. पलीकडे ग्रॅहम कठड्याला टेकून तिसरा वाडगा स्कोनने पुसून खात होते. जिन्यातून खाली डोकावले, तर कॉलिन अडतीस जणांना तेच वाढत होता आणि टेबलाटेबलावर गुपचूप मिठाची बाटली फिरवत होता. "ती सही परत घेतील का गं?" सुखदाने विचारलं. मी म्हटलं, "तू फक्त तोंड बंद ठेव."

संध्याकाळी धक्क्याला लागल्या लागल्या तिने वाईला फोन लावला. मी शेजारीच होते. सही झाल्याचं ऐकून रेखाकाकूंनी नाक ओढल्याचा आवाज आला. आणि मग या वेडीने त्यांना मिठाचं सांगितलं. चोरी कबूल करावी तसं सांगितलं, की आई, तुझा हात कधी चुकला नाही आणि मी नेमकी आज चुकले.

फोनमधून काकूंचं हसू मलासुद्धा ऐकू आलं. हसताहसता त्यांना खोकला आला.

"अगं, मी महिन्यातून एकदा तरी विसरते," त्या म्हणाल्या. "गणपतीने अजून एकदाही ताट परत पाठवलं नाही."