प्रतिवादी व त्याचे नातेवाईक

माझ्या सख्ख्या चुलतभावाला जयंतीच्या दिवशी भाषण करता येऊ नये, म्हणून मी कोर्टातून तात्पुरता मनाई हुकूम आणला होता.

हिंगोली जिल्हा नवा नवा झाला होता तेव्हाची गोष्ट. जवळा बाजारच्या बाजूला आमची वस्ती. वस्तीचा एक ट्रस्ट, ट्रस्टचा एक हॉल, आणि जयंतीला त्या हॉलमध्ये पहिलं भाषण सचिवाचं, असा रिवाज. मी पत्रकं वाचत वाढलो आणि मिसरूड फुटायच्या आत पत्रकं लिहायला लागलो. सचिव मीच होणार, हे मी मनात पक्कं करून टाकलं होतं. (मनातल्या निवडणुकीत मी बिनविरोध होतो!) पण ट्रस्टींनी एका संध्याकाळी बैठक घेतली आणि सचिव केलं माझ्या त्या चुलतभावाला, सुहासला! त्याच्याकडे होतं काय? मोटारसायकल, इस्त्रीचा शर्ट आणि गोड आवाज. (आवाज खरोखरच गोड होता. तेच तर दुःख!)

त्या बैठकीची नोटीस फलकावर लागली नव्हती. मला तेवढं पुरेसं होतं. हा मत्सर नाही, तत्त्वाचा प्रश्न आहे, असं मी भेटेल त्याला सांगत सुटलो. कुणी विचारलं नव्हतं, तरीही.

"काहून रे सिद्धू, भावावर केस करून राहिला?" मायने विचारलं.

"माय, लोकशाहीचा खून झाला!"

"अन् गेल्या बारीला तुझ्या बापाला खजिनदार केलं, तवा कुठं लागली व्हती नोटीस?"

मायला तात्त्विक बाजू समजत नाही, असं ठरवून मी हिंगोलीची एसटी पकडली.

वकीलसाहेबांनी अर्ज तयार केला: दाव्याचा निकाल लागेपर्यंत प्रतिवादी सुहास याला हॉलमध्ये प्रवेशास मनाई असावी. मला तो मजकूर फारच मिळमिळीत वाटला.

"साहेब, 'व त्याचे नातेवाईक' असं घाला. हा बाहेर राहून आपली माणसं आत घुसवील."

"नातेवाईक कशाला? भानगड होईल."

"पळवाट ठेवायची न्हाई, साहेब!"

साहेबांनी चष्म्यावरून माझ्याकडे बघितलं आणि घातलं. कोर्टानेही मागणीप्रमाणे हुकूम दिला.

जयंतीच्या सकाळी ठाण्यातून जमादार आले आणि हॉलच्या दारात खुर्ची टाकून बसले. मी कडक इस्त्रीचा सदरा घालून, खिशात जाडजूड भाषण कोंबून, सगळ्यांच्या पुढे.

"सुहास तुमचा कोण?" जमादारांनी विचारलं.

"चुलतभाऊ."

"मंग तुमी नातेवाईक. बाजूला व्हा."

"अहो, हा हुकूम मीच आणला!"

"बराबर हाय. चांगला आणला. बाजूला व्हा."

माझ्या मागे माझे वडील. "सुहास कोण?" "पुतण्या." बाजूला! त्यांच्या मागे ट्रस्टचे अध्यक्ष. "भाचेजावई लागतो." बाजूला! मग मामा, मावसा, साडू, मेहुणे! आमच्या वस्तीत लेकी दिल्या-घेतल्या नाहीत असं एकही घर नव्हतं. बघता बघता अख्खी वस्ती कायदेशीरपणे हॉलच्या बाहेर!

"ह्या येड्यानं जयंती बंद पाडली गं बाई!" आत्या मला ऐकू जाईल अशी म्हणाली. (पलीकडच्या गावालाही ऐकू गेलं असेल.)

शेवटी नात्यात न बसणारा एकच माणूस सापडला: जयंतीला आवर्जून येणारे तांड्यावरचे राठोड गुरुजी. फोटो, माइक, सतरंज्या, सगळं त्यांनी एकट्याने बाहेर आणलं. मी लांबून सूचना देत होतो, "गुरुजी, वायर ओढू नका!"

"तू गप बस!" सगळे नातेवाईक एका सुरात म्हणाले.

तेवढ्यात मोटारसायकलवर सुहास आला. त्याने हुकूम शांतपणे वाचला. "मनाई हॉलात हाय. मैदानात कुठं हाय? टाका सतरंज्या लिंबाखाली."

झालं! त्या दिवशी नेमका बाजार. बाजारातून परतणारी माणसंही थांबली. हॉलमध्ये मावली नसती एवढी गर्दी सुहासला मिळाली, तीही माझ्या खर्चाने! आणि तो बोलला... मी चुका शोधत होतो, सापडेनात. मायने पदराने डोळे पुसले. माझं एकही पत्रक वाचून ती कधी रडली नव्हती. माझा नुसता जळून कोळसा झाला.

टाळ्या थांबल्यावर सुहास म्हणाला, "ज्याच्यामुळं आज ही सभा मैदानात होऊन राहिली, तो माझा भाऊ सिद्धार्थ आता बोलंल."

मला भरून आलं. मी त्याला तिथल्या तिथे माफ केलं आणि खिशातून भाषण काढलं.

"तो आभारप्रदर्शन करंल," सुहासने वाक्य पुरं केलं.

आभारप्रदर्शन म्हटलं की आपल्याकडे लोक चपला शोधायला उठतात. त्यात पलीकडे खिरीच्या पातेल्यावरचं झाकण निघालं. तरी मी हटलो नाही. आभाराच्या नावाखाली अख्खं भाषण वाचलं. अध्यक्ष गेले, आत्या गेली, मायसुद्धा वाटी घेऊन गेली. पण जमादार मात्र पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत सतरंजीवर बसून होते! माझ्या अंगावर मूठभर मांस चढलं.

माइक सोडून मी विचारलं, "कसं वाटलं, जमादारसाहेब?"

"संपलं न्हवं?" ते गुडघ्यावर हात टेकून उठले. "वादी घरी जाईस्तोर जागा सोडू नका, असं ठाण्यातून सांगितलं व्हतं."

माझा पहिला श्रोतासुद्धा मला हुकुमानेच मिळाला होता!