विसाव्याचं अंगण

गावात जेवढी माणसं मेली, त्या सगळ्यांची तिरडी आमच्या अंगणात टेकली आहे. हे मी कौतुकानं सांगत नाही. आता तर अजिबात नाही.

काष्टीच्या अलीकडं आमचं गाव. वेशीतून स्मशानाकडं जाताना निम्म्या वाटेवर आमचं घर. निम्म्या वाटेवर तिरडी क्षणभर खाली ठेवायची, पुढच्या खांदेकऱ्यांनी मागं जायचं, मागच्यांनी पुढं यायचं आणि मग उचलायची, याला विसावा म्हणतात. रस्ता अरुंद आणि आमचं अंगण मोकळं, म्हणून आजोबांनी कधीतरी कुणाला तरी 'टेका हितं' म्हटलं. तेव्हापासून तीच जागा ठरून गेली.

आमच्याकडं बायका स्मशानात जात नाहीत. पण मरण आमच्या दारात येऊन जायचं. टाळ ऐकू आले की आई आम्हा पोरींना आत घ्यायची आणि माणसं पुढं गेली की मुकाट्यानं शेणाचा सडा टाकायची. एकदाही तिनं कुरकुर केली नाही. आळीत सगळ्यांनी अंगणांना भिंती घातल्या. आमचं खरेदीखत थेट गावरस्त्यापर्यंतचं, तरी वडिलांनी एक वीट लावली नाही. भिंत घातली तर तिरडी आत कशी येणार, एवढंच त्यांना दिसायचं. भला माणूस होता. भलेपणाचा मला तेव्हा अभिमान होता, आता रागच जास्त येतो.

काही वर्षांपूर्वी गावठाणाची ड्रोननं मोजणी निघाली. ज्यानं त्यानं आपल्या हद्दीवर चुन्याची रेघ मारून ठेवा, वरून जे दिसेल ते नकाशात येईल, असं ग्रामसेवकानं स्पीकरवरून सांगितलं. मी केडगावला शिक्षिका. फोन करून वडिलांना बजावलं, रेघ रस्त्याला लागून मारा. त्यांनी घराच्या भिंतीला लागून मारली. आदल्या रात्री आळीतली एक म्हातारी वारली होती आणि सकाळी तिला नेणार होते. मी फोनवर भांडले तेव्हा म्हणाले, "मढ्याच्या वाटंवर रेघ वढू व्हय? लोकं काय म्हनतील?"

लोक काय म्हणाले ते लवकरच कळलं. नकाशात आमचं अंगण ग्रामपंचायतीची मोकळी जागा म्हणून आलं. आम्ही हरकत घेतली. चौकशीला मोजणी खात्याचे साहेब आले, तेव्हा मी रजा टाकून गेले. साहेबांनी खरेदीखत पुढून-मागून पाहिलं आणि टेबलावर ठेवलं. मग सरपंच उठला. शाळेत माझ्याच वर्गात असलेला, आमच्या अंगणात गोट्या खेळून मोठा झालेला.

"सायेब, आख्ख्या गावाचं मढं हितं टेकतंय," तो म्हणाला. "सोताच्या अंगनात कुनी मढं टेकू देतं का? म्हंजी जागा गावाचीच हाय."

अशा वेळी गप्प बसून वकील गाठायचा असतो. वडील उभे राहिले.

"देतो की. मी दिलं. तुजा बाप बी माज्याच अंगनात टेकला."

सरपंचानं मान खाली घातली. मला वेडीला वाटलं, जिंकलो. साहेबांनी कारकुनाला शांतपणे सांगितलं, लिहा, जागेचा सार्वजनिक वापर हरकतदारास मान्य आहे. वडिलांनी सही केली. मी हात धरला तर म्हणाले, खोटं कुठं लिवलंय त्यात.

आम्ही अपील केलं, ते अजून पडून आहे. ग्रामपंचायतीनं काढलेलं दुकानगाळ्यांचं बांधकाम मात्र पडून राहिलं नाही. अंगणात पाच गाळे उभे राहिले, पाठ आमच्या दाराकडं. पहिला सरपंचाच्या पुतण्यानं घेतला, मोबाईलच्या दुकानासाठी. आम्हाला रस्त्यावर जायला एक बोळ उरला. वडील त्यानंतर दारात बसले नाहीत. भिंतीकडं काय बघायचं, म्हणायचे.

गेल्या वर्षी ते गेले. खांद्याला सर्वांत आधी सरपंच आला. यात ढोंग नव्हतं, तो खरंच रडत होता, आणि तेच मला सहन होईना. तिरडी बोळात शिरली आणि अडकली. दोन्ही बाजूंना खांदेकरी मावेनात. "तिरकी धरा, जरा तिरकी धरा," सरपंच पुढून सांगत राहिला. ज्या माणसानं अख्ख्या गावाच्या तिरड्या सरळ जाव्यात म्हणून अंगण उघडं ठेवलं, त्याला त्याच्याच अंगणातून कपाटासारखा तिरका करून काढला.

बाहेर आल्यावर मी पुढं होऊन मोबाईलच्या दुकानाची पायरी दाखवली.

"टेकवा हितं. विसावा आमच्याच जागेत होईल."

पायरीपुढं तिरडी टेकली. पुढचे मागं गेले, मागचे पुढं आले. सरपंच मागं गेला. पुतण्यानं शटर अर्धं खाली ओढलं.

माणसं दिसेनाशी झाल्यावर शेजारणीनं सवयीनं शेणाची बादली कालवून आणली आणि आईपुढं धरली. आईनं बादलीकडं पाहिलं, मग बोळाच्या तोंडाशी येऊन त्या पायरीकडं.

"ऱ्हाऊ दे," ती म्हणाली. "ज्याची जागा हाय, त्यानं टाकावा सडा."