जाळ्याची गाठ

माझ्या थोरल्या भावाला जन्मापासून पाय नव्हते. हातांवर सरकत तो घरभर फिरायचा आणि तळ्यातल्या मासेमारीसाठी जाळी विणायचा. दर बाजाराला ब्रह्मपुरीत बसून ती स्वतःच विकायचा. आठवड्यातला तेवढा एक दिवस तो माणसांत असायचा.

एकदा बाजाराजवळच्या तंबूत जुना इंग्रजी भयपट आला. भाषा कुणालाच कळत नव्हती, म्हणून तंबूवाल्याचा माणूस भोंग्यातून गोष्ट सांगायचा. पडद्यावर सर्कशीतली माणसं होती, कुणाला हात नाहीत, कुणाला पाय नाहीत. ‘राक्षस पाहा, राक्षस,’ असं त्याचं चाललं होतं. जळलं त्याचं तोंड.

मध्येच एक बिनपायाचा माणूस झुल्याखालचं जाळं सांधताना दिसला. भाऊ माझ्या कानाशी म्हणाला, “बाई, त्याची गाठ पाह्य. आपलीच हाये.” मी न बघताच ‘हो’ म्हटलं. मी घाबरून डोळे मिटले होते.

सिनेमाच्या शेवटी ती माणसं कनातीखालून सरपटत येतात आणि सर्कशीच्या मालकाला मारतात. तंबूत किंकाळ्या उठल्या. दिवे लागले, तसा भाऊ हातांवर सरकत बाहेर निघाला. एका बाईने पोर छातीशी धरलं. कुणीतरी म्हणालं, “हा पाह्य, पडद्यावरून खाली उतरला.” लोक हसले. माझ्या लग्नाचं बोलणं चाललं होतं तेव्हा. मी झपाझप पुढे निघून गेले, जणू तो माझा कुणी नव्हताच.

बैलगाडीशी पोचल्यावर त्याने एवढंच विचारलं, “काऊन पुढं गेली वो बाई?”

“गर्दी होती,” मी म्हटलं.

त्यानंतर तो कधी बाजाराला गेला नाही. मरेपर्यंत नाही.

म्हातारपणी नातीने तो सिनेमा मला पुन्हा दाखवला, संवाद समजावून सांगत. मालकाने आधी त्यांच्यातल्या एकाला मारलेलं असतं. भोंगेवाल्याने ते गाळलं होतं. सिनेमा क्रूर की कनवाळू, यावर शिकलेले लोक अजून भांडतात म्हणे. मला तो लबाड वाटला. आधी माणसं दाखवतो आणि मग त्यांचीच भीती घालतो. गाठ मात्र खरंच आमची होती.

पण सगळा दोष सिनेमावर ढकलून मला सुटता येत नाही. त्या दिवशी गर्दी नव्हतीच. भाऊ येतोय म्हणताच लोक दोन्ही बाजूंना सरकले होते, आणि वाट चांगली मोकळी होती.