पेटीतल्या दोघी

देव माझं काही ऐकेल, असं मला वाटत नव्हतं. ऐकावं असं मी केलंच काय होतं? भिलाईच्या कारखान्यातून निवृत्त झालो, जवळच बोरसीत घर बांधलं आणि पत्नी गेल्यावर तिथे एकटाच राहिलो. समोरच्या दाराला बाहेरून कुलूप घालायचं आणि मागच्या दाराने आत शिरायचं, म्हणजे कोणी कडी वाजवत नाही, ही माझी रीत. गल्लीत मला 'तालेवाले बाबा', म्हणजे कुलूपवाले बाबा, म्हणत.

आता खरं लिहितो. आमच्या घराण्याच्या महालक्ष्म्यांचे पितळी मुखवटे थोरला म्हणून माझ्याकडे होते. पत्नीच्या आजारपणात धाकटा भाऊ फिरकला नाही, याचा राग माझ्या मनात होता. ती गेल्यावर सण त्याच्या घरी जाऊ नये म्हणून मुखवटे चोरीला गेल्याचं मी सांगितलं आणि पेटीत दडवले. भाऊ म्हणायचा, "माह्याच चुकीनं रुसल्या, दादा." तीन वर्षांपूर्वी तो तेच मनात घेऊन गेला. मी गप्प राहिलो.

गेल्या भादव्यात, महालक्ष्म्यांच्या जेवणाच्या दिवशी, मी तापाने पडून होतो. उठून पाणीही घेववत नव्हतं. बाहेर कुलूप, येणार कोण? तेवढ्यात मागचं दार ढकलून एक अनोळखी भाजीवाली आत आली.

"तारा त बाहिर लगे हे बबा, फेर खाँसत कोन हे?"

कुलूप तर बाहेर आहे, मग खोकतंय कोण, असं म्हणत तिने पाणी पाजलं. घरात कोणीच नाही का, असं विचारलं. माझ्या तोंडून निघालं, "दो जनी हैं. पेटी में."

"बबा सठिया गे हे," म्हणत, म्हातारा चळला असं समजून ती हसली. पण पेटी उघडून फडकं बाजूला केलं, तेव्हा तिचं हसू थांबलं. डोकं टेकवून म्हणाली, "दाई मन भूखन हें." आया उपाशी आहेत.

मी मोहन नगरला भावजयीला फोन लावून सगळं सांगितलं.

"ते जाईपर्यंत सोतालेच दोष देत राहिले, भाऊजी." मग म्हणाली, "घेऊन या त्यायले. सैपाक झाला आहे."

भाजीवालीनेच ऑटो थांबवला आणि मला पेटीसकट आत बसवलं.

भावजयीने मुखवटे मांडले, नैवेद्य दाखवला आणि भावाच्या फोटोसमोर माझा पाट ठेवला. मी जेवलो.

भाजीवाली अधूनमधून येते. तिला कोणी पाठवलं, हे मी विचारत नाही. समोरचं दार आता नुसतं लोटलेलं असतं. कोणी यावं, कोणी येऊ नये, ते मी त्या दोघी आयांवर सोडलं आहे.